हँडल फिरवणारे हात

चित्रपट संपताना पडद्यावर नावं सरकू लागतात आणि ‘छायाचित्रण’ या शब्दाखाली माझं नाव येतं. एकट्याचं. कमी पैशांत, ओळखीपाळखीच्या माणसांच्या बळावर उभ्या राहणाऱ्या चित्रपटांवर मी उमेदीची वर्षं घातली. त्याचा मला अभिमान आहे. तरी त्या एकट्या नावाकडं बघताना दरवेळी वाटतं, इथं आणखी काही नावं हवी होती. त्यातली काही माणसं मी जन्मायच्या कितीतरी आधी गेली. काही माझ्या शेजारी उभी राहून काम करून घरी गेली, पुन्हा भेटली नाहीत. त्यांचं देणं फिटणार नाही, पण ते कागदावर तरी यावं म्हणून लिहायला बसलो आहे.

सुरुवात आनंदराव पेंटरांपासून करायला हवी. आनंदराव आणि बाबूराव हे नात्यातले भाऊ, आडनाव मेस्त्री. नाटक कंपन्यांचे पडदे रंगवण्यात दोघांचा हात असा की ‘पेंटर’ हेच त्यांचं आडनाव झालं. केशवराव भोसल्यांच्या ललितकलादर्शचे पडदे याच हातांनी रंगवलेले. १९१३ साली दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ आला आणि या दोघांना नव्या कलेनं झपाटलं. मुंबईच्या जुन्या बाजारातून त्यांनी एक प्रोजेक्टर आणला, त्यावर खेळ लावले आणि खेळ लावता लावता यंत्र समजून घेतलं. फाळके १९१२ मध्ये लंडनला जाऊन विल्यमसनचा कॅमेरा घेऊन आले होते. कोल्हापूरच्या या भावांनी ठरवलं, आपला कॅमेरा आपणच बनवायचा.

हे वाक्य लिहायला सोपं आहे. ज्यानं जुना फिल्म कॅमेरा उघडून पाहिलाय त्याला विचारा. फिल्म सलग पळत नाही. एक चौकट भिंगासमोर येऊन स्तब्ध उभी राहते, तिच्यावर प्रकाश पडतो, मग शटर झाकतं, त्या अंधाराच्या क्षणात एक बारीक नखी फिल्मच्या भोकात शिरून तिला पुढं ओढते, आणि पुढची चौकट पुन्हा स्तब्ध. मूकपटाच्या काळात हे सेकंदाला साधारण सोळा वेळा व्हायचं. हँडलच्या एका फेऱ्यात आठ चौकटी, सेकंदाला दोन फेरे. म्हणजे एका सेकंदाला बरोबर एक फूट फिल्म. नखी केसभर पुढंमागं झाली तर पडद्यावरचं सगळं चित्र थरथरतं. हे सगळं लेथवर, कानशीनं, डोळ्यांच्या अंदाजानं जमवायचं. समोर नकाशा नाही, शिकवायला माणूस नाही.

आनंदरावांनी ते काम हाती घेतलं आणि १९१६ मध्ये, ऐन तारुण्यात, ते गेले. कॅमेरा अर्धाच राहिला. ज्या यंत्रात त्यांनी जीव ओतला, त्यातून गेलेली एक फूट फिल्मही त्यांनी पाहिली नाही. बाबूरावांनी विष्णुपंत दामल्यांना बरोबर घेऊन १९१८ मध्ये तो पूर्ण केला. भारतात बनलेला पहिला चलचित्र कॅमेरा म्हणून त्याची नोंद होते. इतिहासाच्या पुस्तकांत आनंदरावांच्या वाट्याला बहुधा एखादी ओळ येते. माझ्या हिशेबात ते पहिले आहेत, कारण आपल्याकडं साधन नाही म्हणून थांबायचं नाही, हे आमच्या कोल्हापूरला त्यांनी शिकवलं, आणि मी त्याच शिकवणीवर पोट भरलंय.

मला हे शाळेत कुणी सांगितलं नाही. सांगितलं ते फोटो स्टुडिओच्या अण्णांनी. दहावीच्या सुट्टीत आईनं मला त्यांच्याकडं चिकटवलं. “घरात बसून डोकं खातंय, तुमी कायबी काम सांगा, मी काय म्हणणार न्हाई,” एवढं सांगून ती निघून गेली. पासपोर्ट फोटो, लग्नाचे अल्बम आणि गणपतीच्या मंडळांचे ग्रुप फोटो, एवढाच त्यांचा धंदा. पण डार्करूममध्ये शिरले की अण्णा वेगळेच व्हायचे. लाल दिव्याच्या उजेडात ट्रेमधल्या द्रावणात कागदावर चेहरा उगवायचा आणि ते गप्प उभे राहायचे. मी एकदा विचारलं, फोटोचा कागद उजेडानं काळा पडतो, तर हा लाल दिवा कसा चालतो? ते म्हणाले, “ह्या कागदाला लाल दिसतच न्हाई. बाबूराव पेंटरांच्या फिल्मलाबी दिसत नव्हतं.”

त्या एका उत्तरातून त्यांनी मला सगळा मूकपट समजावून दिला. त्या काळची फिल्म निळ्या रंगाला हपापलेली आणि लाल रंगाला आंधळी. निरभ्र आकाश पडद्यावर पांढरंफटक यायचं आणि कपाळावरचं कुंकू काळं. हिरव्या लुगड्याचं काय होईल, केशरी फेट्याचं काय होईल, सावळ्या चेहऱ्याला कुठला लेप लावला तर तो काळवंडणार नाही, हे आधी डोक्यात ठरवल्याशिवाय हँडल फिरवता येत नव्हतं. आता लक्षात येतं की पेंटर लोकच हे काम करू शकले यात नवल नाही. रंगातून राखाडी छटा वेगळी काढणं त्यांना ठाऊक होतं. अण्णांनी मला त्या सुट्टीत आणि पुढच्या सगळ्या सुट्ट्यांत तेच शिकवलं. समोरचं दृश्य रंग वजा करून बघायचं. उजेड किती, अंधार किती आणि मधल्या पायऱ्या किती. आजही संगणकावर चित्रपटाचे रंग ठरवताना मी आधी सगळे रंग घालवून, नुसतं काळंपांढरं चित्र बघतो. ते चित्र तसं उभं राहत असेल तरच पुढं जातो. अण्णांनी याचे पैसे कधी घेतले नाहीत, उलट महिन्याला खाऊला पैसे दिले. फ्लॅश मागितला की मात्र चिडायचे. “तुझ्या गावात कॅमेरा जन्माला आला आणि तू फ्लॅश मागालास? खिडकी हाय की! खिडकीजवळ बसीव त्येला.”

पुढं पुण्यात आणि मुंबईत शिकलो, लोकांच्या हाताखाली राबलो, मालिकांची कामं केली. त्या वर्षांवर लिहिण्यासारखं फार नाही. एका निर्मात्यानं काम करून घेऊन पैसे बुडवले, तेव्हा सामान उचलून कोल्हापूरला परत आलो. आणि परत आल्यावरच माझं खरं काम सुरू झालं, कारण इथं मला मामा भेटले.

मामा लाइटमन. पोरवयात स्टुडिओत शिरलेले, शालिनी आणि जयप्रभा स्टुडिओंच्या दिवसांपासून दिवे उचलत आलेले. इथं त्या काळाबद्दल थोडं सांगायला हवं, नाहीतर मामांच्या हातात काय होतं ते कळायचं नाही. बाबूरावांची महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली तीत गायिका तानीबाई कागलकरांचा पैसा होता. सावकारांना यंत्रात पैसे घालायचं धाडस झालं नसताना एका गाणाऱ्या बाईनं ते केलं, हे कोल्हापूरकरांनी विसरू नये. या कंपनीचा ‘सैरंध्री’ ७ फेब्रुवारी १९२० रोजी पुण्याच्या आर्यन थिएटरात लागला. बाईनं कॅमेऱ्यापुढं उभं राहणं हलकं मानलं जायचं त्या दिवसांत गुलाबबाई आणि अनसूयाबाई, म्हणजे पडद्यावरच्या कमलादेवी आणि सुशीलादेवी, त्यात उभ्या राहिल्या. लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ म्हटलं. तोवर शूटिंग सूर्यावर अवलंबून. ऊन असेल तर काम, ढग आले की सगळे हातावर हात धरून. १९२३ च्या ‘सिंहगड’साठी मात्र बाबूरावांना रात्र हवी होती, कारण तानाजी रात्रीच कडा चढला. त्यांनी दिवे लावले. कृत्रिम प्रकाशात चित्रण करण्याची आपल्याकडची सुरुवात म्हणून त्या चित्रपटाचं नाव घेतात.

म्हणजे दिवा लावण्याची विद्या या गावात १९२३ पासूनची. ती हाताखालून हाताखाली जात मामांपर्यंत आली होती. मामांना त्यातलं एकही साल ठाऊक नव्हतं. त्यांना ठाऊक होतं की दिवा लावण्याआधी आपली मूठ पुढं धरायची, ती हळूहळू फिरवायची आणि बोटांच्या पेरांवर उजेड कसा वळतो ते बघायचं. नट यायच्या आधी त्यांची मूठ नटाच्या जागी असायची. मी महागडा लाइट मीटर घेऊन आकडे सांगायचो, मामा मूठ फिरवून “गाल जास्ती जळतोय” म्हणायचे, आणि दोन्हींचं उत्तर एकच निघायचं. एकदा मी खोलीत एकामागून एक दिवे लावत सुटलो होतो. ते शिडीवरून खाली उतरले. म्हणाले, “लावाय काय, कुणीबी लावतंय. ह्यातला कुठला बंद करू त्येवढं सांग.” आम्ही एकेक बंद करत गेलो. शेवटी एक बेबी, म्हणजे छोटा दिवा, आणि उजेड परतवायला एक थर्माकोल उरला. खिडकीतून येणाऱ्या उन्हासमोर मामांनी उजेड मऊ करायला बटर पेपरचा स्किमर धरला, कोपऱ्यात काळं कापड लावलं आणि बिडी ओढायला बाहेर गेले. तो शॉट माझ्या सगळ्या कामात मला सर्वांत आवडतो.

कमी दिव्यांत काम करता येणं ही स्वतंत्र चित्रपटाच्या कॅमेरामनची निम्मी कमाई. आमच्याकडं जनरेटर दोन दिवसांसाठी येतो, कॅमेरा भाड्याचा आणि तारखा मोजलेल्या. ‘श्वास’, ‘फँड्री’, ‘किल्ला’ यांसारख्या चित्रपटांनी मराठी छायाचित्रणाला मान मिळवून दिला हे खरं, पण अशा चित्रपटांमागं प्रत्येक ठिकाणी कुणी ना कुणी मामा उभा असतो, आणि बक्षिसाच्या वेळी तो पुढच्या सेटवर दिवे चढवत असतो. मामा आता नाहीत. त्यांच्या हाताखालची दोन पोरं आज मुंबईत मोठ्या कामांवर आहेत, मूठ फिरवून बघतात.

कोल्हापूरच्या उद्यमनगरातल्या कारखान्यांचंही देणं आहे. पहिल्या चित्रपटात मला गुडघ्याच्या उंचीवरून सरकणारा शॉट हवा होता आणि ट्रॉलीचं भाडं परवडत नव्हतं. मी कागदावर आकृती काढून एका लेथवाल्याकडं गेलो. त्यांनी कागद बाजूला ठेवला, खडू घेतला आणि फरशीवर स्वतःची आकृती काढली. बेअरिंग कुठली, पट्टी किती जाड, वजन किती, किती वेळा सोडून पुन्हा बसवणार, असं सगळं विचारत गेले. कॅमेरा कसा चालतो ते मी सांगितलं तेव्हा म्हणाले, “म्हणजे हादरा नको. येवढंच ना?” त्यांनी बनवलेला तो स्लायडर अजून माझ्या गाडीत असतो. आनंदरावांनी अर्धा कॅमेरा ज्या गावात सोडला त्या गावात असा माणूस भेटणं हा योगायोग नाही. इथं हातांना यंत्राची भीती वाटत नाही.

आणि आता एका गुऱ्हाळाची गोष्ट. तिची सुरुवात मात्र एका जुन्या चित्रपटापासून.

बाबूरावांनी १९२५ मध्ये नारायण हरी आपट्यांच्या कथेवर ‘सावकारी पाश’ केला. जमीन सावकाराच्या घशात जाते आणि तरुण शेतकऱ्याला गिरणीत मजुरी करायला शहर गाठावं लागतं. तो शेतकरी झाला होता व्ही. शांताराम. पुराणांतले देव आणि इतिहासातले वीर पडद्यावर असताना बाबूरावांनी कर्जबाजारी कुणबी उभा केला. १९३६ मध्ये त्यांनी तोच विषय बोलपटात पुन्हा घेतला. चित्रपटनिर्माते जे. बी. एच. वाडियांनी त्या बोलपटातल्या एका दृश्याची आठवण लिहून ठेवली आहे: मंद उजेडात दिसणारी एक उदास झोपडी आणि कुत्र्याचं रडणं, एवढंच. ते वाचल्यापासून माझ्या मनात ती झोपडी घर करून बसली होती. आपण अंधार एवढा खरा कधी टिपणार, हा प्रश्न मला वर्षानुवर्षं छळत होता.

आमचा चित्रपटही जमिनीचाच होता. बाप रात्री गुऱ्हाळावर मुलीला सांगतो की शेत विकलं. दिग्दर्शकाला ते गुऱ्हाळाच्या मागच्या बाजूला, चुलवाणाच्या तोंडाशी हवं होतं. त्या दिवशी अवकाळी पाऊस झाला, गाडीवाट चिखलानं भरली आणि जनरेटर अलीकडंच अडकला. दुसऱ्या दिवशी गुऱ्हाळाची टोळी हलणार होती. म्हणजे आज किंवा कधीच नाही. मी चुलवाणाकडं बघितलं. आत जाळ, तोंडातून बाहेर पडणारा तांबडा उजेड आणि बाकी सगळा काळोख. लेन्स पूर्ण उघडली तर चेहरे येतील, पण जाळ कधी भडकतो, कधी मंदावतो. एका वाक्याला चेहरा उजळ, दुसऱ्याला नाहीसा, असं झालं तर प्रसंग जोडताच येणार नाही.

चुलवाणात चिपाडं टाकणारे जळव्या हे सगळं ऐकत बसले होते. वय झालेलं, अंगावर बनियन, भुवया जाळानं करपलेल्या. त्यांनी विचारलं, “किती येळ उजेड सारखा पायजे?” मी म्हटलं, साडेतीन-चार मिनिटं. “बोलनं संपस्तवर जाळ पडाय नको आन् उसळायबी नको, असंच की?” असंच. त्यांनी वाळलेल्या आणि दमट चिपाडांचे वेगळे ढीग केले. मग आम्हाला चक्क तालीम करून दाखवली. मूठभर वाळकं, मग थोडं दमट, मग पुन्हा वाळकं, मधलं अंतर ठरलेलं. वर गुळव्या काहिलीतला रस ढवळत होता. त्याची हाक आली की जाळ वाढवायचा किंवा कमी करायचा, हे जळव्याचं रोजचं काम. काहील त्यांना दिसत नसते. न दिसणाऱ्या रसासाठी जाळ सांभाळणाऱ्या माणसाला समोर बसलेल्या नटांसाठी जाळ सांभाळणं अवघड नव्हतं.

आम्ही तीन टेक घेतले. बापाचा गाल, मुलीचं नाक, तिच्या डोळ्यांतला ठिपका, सगळं त्या उजेडात. जिथं बाप गप्प होतो तिथं जळव्यांनी हात किंचित रोखला आणि जाळ जरासा खाली बसला. हे त्यांना कुणी सांगितलं नव्हतं. तीनही टेकमध्ये त्यांनी ते त्याच जागी केलं. मी कॅमेऱ्याच्या मागं होतो आणि माझे डोळे भरून आले. मामांची आठवण आली, अण्णांची आली. वाडियांनी पाहिलेली ती झोपडी मला कधीच बघायला मिळणार नाही, पण ती कुणी आणि कशी घडवली असेल याचा अंदाज त्या रात्री आला.

चित्रपटाच्या नामावलीत ‘प्रकाशयोजना’ या शब्दाखाली पहिलं नाव त्या जळव्यांचं आहे. निर्माता आधी तयार नव्हता. मी सांगितलं की ते नाव नसेल तर माझंही नको.

महाराष्ट्र फिल्म कंपनीतही काम असंच एकमेकांच्या हातांवर उभं राहायचं, असं मी वाचलंय आणि जुन्या माणसांकडून ऐकलंय. दामले, फत्तेलाल, धायबर, शांताराम हे सगळे तिथं काम करता करता घडले. रंगवणं, सुतारकाम, यंत्र, कॅमेरा, एकाचं काम दुसऱ्याला येत होतं. बाबूरावांनी अर्धवट मिळालेलं यंत्र पूर्ण केलं आणि दुसऱ्यांच्या हाती दिलं. १ जून १९२९ ला या चौघांनी सीतारामपंत कुलकर्ण्यांना घेऊन कोल्हापुरातच प्रभात काढली. १९३३ मध्ये प्रभात पुण्याला गेली. १९३४ च्या ‘अमृतमंथन’मध्ये केशवराव धायबरांनी टेलिफोटो लेन्स लावून राजगुरूचा डोळा पडद्याएवढा केला, आणि दामले-फत्तेलालांचा ‘संत तुकाराम’ १९३७ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात गौरवला गेला. व्हेनिसपर्यंत पोचलेल्या त्या वाटेची सुरुवात कोल्हापुरातल्या एका अर्ध्या राहिलेल्या कॅमेऱ्यापाशी आहे. बाबूराव १६ जानेवारी १९५४ ला गेले.

कोल्हापुरात खरी कॉर्नरला कॅमेऱ्याचा स्तंभ आहे. १ डिसेंबरला, महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या स्थापनेच्या दिवशी, तिथं हार घालायला लोक जमतात. मीही जातो. तिथं जमणाऱ्यांना आणि न जमणाऱ्यांनाही एक विनंती करायची आहे. ‘सैरंध्री’ आज कुणालाही बघता येत नाही. त्या काळच्या मूकपटांतले बहुतेक गेले. काहींचे तुकडे तेवढे उरलेत. स्टुडिओत दिवे उचलणाऱ्या, फिल्म धुणाऱ्या, पोस्टर रंगवणाऱ्या, पडदे शिवणाऱ्या माणसांची घरं अजून याच गावातल्या पेठांत आहेत. तुमच्या माळ्यावर फिल्मचा गंजका डबा, काचेच्या निगेटिव्ह, जुनी चित्रपट पुस्तिका किंवा शूटिंगचा फोटो असेल तर तो रद्दीत घालू नका. डबा असेल तर उन्हात किंवा चुलीजवळ ठेवू नका आणि उघडून बघायचा मोहही टाळा. १९५० च्या आधीची फिल्म बहुधा नायट्रेटची असते आणि ती सहज पेट घेते. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला कळवा, तिथली माणसं ती कशी हाताळायची ते जाणतात. आणि फोटोमागं कुणाची नावं लिहिलेली नसतील, पण आजीला किंवा आजोबांना ती माहीत असतील, तर आजच विचारून पेन्सिलीनं लिहून ठेवा.